लंबमज्जेत शिडी नाही

मेंदूच्या खोडाचा सर्वांत खालचा भाग म्हणजे लंबमज्जा. लांबी जेमतेम ३ सेंटिमीटर. एवढ्याशा जागेत माणसाची आपुलकी आणि माणसाची दहशत दोन वेगवेगळ्या पेशीपुंजक्यांना वाटून दिलेली आहेत, असे गेली तीस वर्षे सांगितले जात आहे. सांगणारे पुष्कळ आहेत. समुपदेशक आहेत, योगशिक्षक आहेत, पालकांच्या शिबिरांतले वक्ते आहेत, मानसिक आघातांवर लिहिणारे लेखक आहेत. त्यांच्यातल्या बहुतेकांचा हेतू चांगला असतो आणि ज्यांच्यासाठी ते हे सांगतात ती माणसे खरोखरच दुःखात असतात. म्हणून तर हे म्हणणे नीट तपासायला हवे. त्यातल्या शरीररचनेचा पायाच कच्चा आहे, असे माझे स्पष्ट मत आहे. शिवाय या कथेच्या नायकपदी बसवलेल्या केंद्रकाचे खरे काम कथेतल्या कामापेक्षा कितीतरी विलक्षण आहे, आणि ते वाचकापर्यंत पोहोचतच नाही याची मला खंत वाटते.

आपल्या वादपरंपरेत आधी पूर्वपक्ष मांडायचा असतो, आणि तोही त्याच्या सर्वांत भक्कम रूपात. तेव्हा आधी तो.

अमेरिकन मानसशरीरशास्त्रज्ञ स्टीफन पोर्जेस यांनी १९९४ साली एका अध्यक्षीय भाषणात एक उपपत्ती मांडली आणि १९९५ मध्ये ती छापून आली. तिचे नाव पॉलिव्हेगल सिद्धांत. तिचा उगम एका खऱ्या कोड्यात आहे. व्हेगस ही दहावी कपालचेता हृदयाची गती कमी करते. नाडीचा श्वासाबरोबर होणारा चढउतार हाही व्हेगसचाच परिणाम, आणि तो चांगला असणे हे प्रकृती ठीक असल्याचे लक्षण मानले जाते. मग अपुऱ्या दिवसांच्या बाळाचा श्वास अडकतो तेव्हा त्याच्या हृदयाची गती धोकादायक इतकी खाली जाते आणि नेमका तेव्हाच तो चढउतार नाहीसा होतो, हे कसे? एकच व्हेगस रक्षणही करते आणि जिवावरही उठते का?

पोर्जेस यांचे उत्तर असे की, व्हेगस एक नसून दोन आहेत. एक निघते लंबमज्जेच्या पाठीमागच्या बाजूला असलेल्या डॉर्सल मोटर केंद्रकातून. तिच्या तंतूंवर मायलिनचे आवरण नाही, ती उत्क्रांतीत जुनी आहे, सरपटणाऱ्या प्राण्यांकडून आलेली आहे, आणि जिवावर बेतले की ती शरीर ‘बंद’ करते: हृदय मंदावते, माणूस गोठतो, भोवळ येऊन पडतो. दुसरी निघते पुढच्या बाजूच्या न्यूक्लिअस ॲम्बिग्युअसमधून. तिचे हृदयाकडे जाणारे तंतू मायलिनयुक्त आहेत, ती फक्त सस्तन प्राण्यांत आहे, आणि चेहरा, आवाज, कान यांच्याशी जोडलेली असल्यामुळे ती सुरक्षिततेची, जवळिकीची, संवादाची व्हेगस आहे. या दोहोंच्या मधल्या पायरीवर पळा किंवा लढा म्हणणारी सिंपथेटिक यंत्रणा. संकटात माणूस वरच्या पायरीवरून मधल्या पायरीवर आणि तिथून तळाच्या पायरीवर उतरतो. मज्जासंस्थेच्या रोगांत नव्या, वरच्या थराचा ताबा सुटला की जुना, खालचा थर उघडा पडतो, ही ब्रिटिश चेतातज्ज्ञ ह्यूलिंग्ज जॅक्सन यांची एकोणिसाव्या शतकातली कल्पना. पोर्जेस यांनी तिचा आधार उघडपणे घेतला आहे. आणि माणूस या शिडीवर कुठे उभा आहे ते नाडीच्या चढउतारावरून मोजता येते, असाही दावा आहे.

मांडणी देखणी आहे. पुढे बेसेल व्हॅन डर कोल्क यांच्या २०१४च्या गाजलेल्या पुस्तकातून ती जगभर पोहोचली. ज्या माणसाला आपण संकटात प्रतिकार का केला नाही याची वर्षानुवर्षे लाज वाटत होती, त्याला ‘तो तुझा भित्रेपणा नव्हता, तुझ्या चेतासंस्थेचा प्रतिसाद होता’ असे कुणी सांगितले, तर त्याला मिळणारा दिलासा खरा असतो. पूर्वपक्षाचे हे बळ मी मान्य करूनच पुढे जातो.

आता ही केंद्रके प्रत्यक्षात कुठे आहेत आणि काय करतात ते पाहू.

लंबमज्जेचा आडवा छेद घेतला तर पाठीमागे, चौथ्या पोकळीच्या तळाशी, मध्यरेषेजवळ जिभेच्या स्नायूंचे केंद्रक दिसते आणि त्याच्या बाहेरच्या अंगाला डॉर्सल मोटर केंद्रक. याची सीमा ठळक असते, विद्यार्थ्यालाही सापडते. न्यूक्लिअस ॲम्बिग्युअसचे तसे नाही. ते आत खोल, पुढच्या बाजूला, जाळीदार रचनेत दडलेले आहे. एका बाजूला ऑलिव्हचा फुगवटा आणि दुसऱ्या बाजूला चेहऱ्याच्या वेदना वाहणारे ट्रायजेमिनलचे केंद्रक, यांच्या मधोमध पेशींचा एक बारीक उभा स्तंभ. त्यातल्या पेशी कुठे दाट, कुठे विरळ. बीगर आणि हॉपकिन्स यांनी १९८७ मध्ये उंदरांमध्ये हा स्तंभ बारकाईने उलगडला. वरच्या दाट भागातल्या पेशी अन्ननलिकेकडे जातात, त्याखालच्या घशाच्या स्नायूंकडे, आणखी खालच्या विरळ भागातल्या स्वरयंत्राकडे. या स्तंभाच्या बाहेरच्या कडेला विखुरलेल्या पेशी मात्र स्नायूंकडे जातच नाहीत. त्या हृदयावरच्या आणि श्वासमार्गावरच्या चेतागुच्छांकडे जातात. म्हणजे आपण ज्याला एक केंद्रक म्हणतो त्यात गिळणे, बोलणे, खोकणे, श्वासमार्ग उघडा ठेवणे आणि हृदयाला लगाम घालणे ही कामे शेजारीशेजारी नांदतात.

भाकरीच्या एका घासाचा प्रवास पाहा. घास जिभेने मागे लोटला की मऊ टाळू वर उचलला जाऊन नाकाची वाट बंद करतो, स्वरयंत्र वर सरकते, स्वरतंतू घट्ट मिटतात, श्वास क्षणभर थांबतो, घशाचे स्नायू वरून खाली क्रमाने आवळत घास अन्ननलिकेत सोडतात. हे सगळे सेकंदभरात होते आणि त्यातले बरेचसे ॲम्बिग्युअसच्या पेशी करतात. अन्ननलिकेच्या वरच्या भागातले स्नायू हातापायांच्या स्नायूंसारखे पट्टेदार असतात, तिथपर्यंत हुकूम ॲम्बिग्युअसचा. खालच्या भागात गुळगुळीत स्नायू सुरू होतात, तिथून सूत्रे डॉर्सल केंद्रकाकडे जातात. घास पोटात पोहोचण्याआधीच जठर सैल होऊन जागा करून देते, तेही डॉर्सल केंद्रकाच्या तंतूंमुळे. पॉलिव्हेगल मांडणीत ज्या दोन केंद्रकांपैकी एक बाजूला झाल्याशिवाय दुसरे पुढे येत नाही, ती दोन केंद्रके प्रत्येक घासाला अशी हातात हात घालून काम करत असतात. त्यांच्यातली वाटणी मुख्यतः कोणता अवयव आणि कोणत्या प्रकारची ऊती यांवर ठरली आहे. शांती आणि भीती अशी ती वाटणी नाही.

मूळ कोडे बाळाच्या हृदयाचे होते. ते सोडवायला दुसरी व्हेगस लागते का?

स्वतःच्या मनगटावर बोटे ठेवून सावकाश श्वास घ्या. श्वास आत जाताना ठोके किंचित भरभर पडतात, सोडताना लांबतात. तरुण, निरोगी माणसात हा फरक बोटांना स्पष्ट कळतो. जर्मन शरीरक्रियाशास्त्रज्ञ कार्ल लुडविग यांनी १८४७ मध्ये तो यंत्रावर नोंदवला. त्याचे मोठे कारण लंबमज्जेतच आहे. हृदयाकडे जाणाऱ्या ॲम्बिग्युअसच्या पेशींना लागूनच श्वासाची लय घडवणाऱ्या पेशी आहेत. श्वास आत घेण्याचा हुकूम सुटतो त्याच वेळी हृदयाच्या पेशींना गप्प केले जाते. श्वास सोडताना हा दाब उठतो आणि त्या पुन्हा बोलू लागतात. गिल्बी, जॉर्डन, रिक्टर आणि स्पायर यांनी १९८४ मध्ये मांजरांच्या या पेशींच्या आत सूक्ष्म इलेक्ट्रोड घालून हे दाब प्रत्यक्ष नोंदवले. श्वास म्हणजे या पेशींपुढचे फाटक आहे, ते प्रत्येक श्वासाला मिटते आणि उघडते.

आता श्वास थांबलेले बाळ घ्या. प्राणवायू घटला की मानेतल्या धमनीजवळचे संवेदक ‘हृदय मंद करा’ असा जोरदार संदेश पाठवतात. एरवी तेच संवेदक श्वासही वाढवतात, श्वास वाढला की फाटक पुन्हा पुन्हा मिटते, आणि हृदयावरचा परिणाम सौम्य राहतो. पण श्वासच थांबला असेल तर फाटक मिटायला कुणी नाही. संदेश अडथळ्याविना ॲम्बिग्युअसच्या पेशींपर्यंत पोहोचतो, त्या अखंड उत्तेजित राहतात आणि हृदय एकदम मंदावते. चढउतार नाहीसा होतो, कारण चढउतार घडवणारा श्वासच नाही. ब्रिटिश शरीरक्रियाशास्त्रज्ञ मायकेल डी बर्ग डेली यांनी पाण्यात बुडी मारणाऱ्या प्राण्यांच्या हृदयावर काम करताना श्वास आणि संवेदक यांच्यातला हा संबंध बारकाईने दाखवून दिला होता. दुसरे कारणही आहे. व्हेगसचा जोर एका मर्यादेपलीकडे गेला की श्वास सोडताना आणि घेताना हृदय सारखेच दबलेले राहते. रक्तदाब वाढवून व्हेगस चेतवलेल्या निरोगी माणसांत चढउतार आधी वाढतो, मग थांबतो, काहींत तर घटतो, हे गोल्डबर्गर यांच्या प्रयोगांत दिसले आहे. तेव्हा कोडे एकाच केंद्रकाच्या हिशेबात सुटते. ज्या विरोधाभासावर सारा डोलारा उभा आहे, तो श्वासाचा हिशेब न धरल्यामुळे दिसला होता.

डॉर्सल केंद्रकाचे काय? त्यातूनही काही तंतू हृदयाकडे जातात, यात वाद नाही. पण त्यांना चेतवले तर हृदयाची गती किती बदलते? मांजर आणि उंदीर यांच्यावरच्या प्रयोगांत ॲम्बिग्युअसच्या तुलनेत हा परिणाम फारच थोडा आढळला. जीवघेण्या संकटात हृदय मंदावते ते डॉर्सल केंद्रकामुळे, हे या उपपत्तीचे मर्मस्थान आहे आणि नेमके तिथेच पुरावा नाही. उलट दिशेचा पुरावा मात्र आहे. लंडनच्या युनिव्हर्सिटी कॉलेजमधल्या अलेक्झांडर गुरीन यांच्या गटाने २०१७ मध्ये उंदरांच्या डॉर्सल केंद्रकातल्या पेशी गप्प केल्या, तेव्हा त्यांची धावण्याची क्षमता कोसळली. त्याच पेशी प्रकाशाने चेतवल्या तेव्हा ती वाढली. शरीर ‘बंद’ करणारे म्हणून ज्याची ओळख करून दिली जाते, त्या केंद्रकाशिवाय उंदराला नीट पळता येत नाही! हृदयाच्या खालच्या कप्प्यांच्या स्नायूंवर या पेशींचा सतत सौम्य अंमल असतो आणि श्रम सोसण्याची ताकद त्यावर अवलंबून असते, असे या गटाचे निष्कर्ष सांगतात.

या केंद्रकाचे मुख्य काम तर पोटाचे आहे. जठरातले आम्ल, जठराची हालचाल, स्वादुपिंडाचे स्राव यांवर त्याचा ताबा असतो, आणि त्यातल्या पेशी विश्रांतीतही आपणहून ठराविक लयीत चेतत राहतात. जेवण झाल्यावर, दुपारच्या निवांत वेळी ते जोरात कामाला असते. पार्किन्सनच्या रोग्यांच्या मेंदूंची तपासणी करून हाइको ब्राक आणि सहकाऱ्यांनी २००३ मध्ये जी टप्प्यांची मांडणी केली, तिच्यात रोगाच्या खुणा अगदी सुरुवातीला दिसणाऱ्या जागांपैकी एक हेच केंद्रक आहे; हात थरथरू लागण्याच्या कितीतरी आधी बद्धकोष्ठाची तक्रार सुरू होते, त्याच्याशी याचा संबंध लावला जातो. मुद्दा एवढाच की, रोजच्या पचनाचे हे केंद्रक आहे. त्याला दहशतीचे घर म्हणणे हा त्याच्यावर अन्याय आहे.

उत्क्रांतीच्या दाव्याकडे वळू. इथे मी थोडा रेंगाळणार आहे, कारण ‘सरपटणाऱ्यांचा मेंदू’ ही कल्पना आपल्या बोलण्यात इतकी मुरली आहे की तिच्यावर कुणी शंकाच घेत नाही. पॉल मॅक्लीन यांनी मेंदूचे तीन मजले कल्पिले, तळाशी सरड्याचा, त्यावर जुन्या सस्तनांचा, माथ्यावर नव्या सस्तनांचा. तुलनात्मक शरीररचनेच्या अभ्यासकांनी ही इमारत केव्हाच सोडून दिली आहे. उत्क्रांतीत जुन्यावर नवा मजला चढत नाही. सगळेच भाग सगळ्याच वंशांत बदलत जातात. आजचा सरडा हा आपला पूर्वज नाही, तो आपल्याइतकाच आजचा आहे.

पॉलिव्हेगल उपपत्तीने मेंदूचा नाही, तर व्हेगसचा मजला बांधला. पण तोही टिकत नाही. ब्रिटिश प्राणिशास्त्रज्ञ एडविन टेलर यांनी दाखवले की, शार्कच्या नात्यातल्या डॉगफिशमध्येसुद्धा हृदयाकडे जाणाऱ्या व्हेगस पेशींचा एक गट डॉर्सल केंद्रकाच्या बाहेर, बाजूला बसलेला असतो. दक्षिण अमेरिकेतला फुप्फुसमासा हा जमिनीवर चढलेल्या कशेरुकांच्या वंशाजवळचा प्राणी. २०१८ मध्ये मोंतेरो आणि सहकाऱ्यांनी त्याच्यात हृदयाकडे जाणारे मायलिनयुक्त व्हेगस तंतू आणि श्वासाबरोबर बदलणारी हृदयगती, दोन्ही दाखवली. २०१९ मध्ये कुणाचाही त्रास नसलेल्या, मोकळ्या रॅटलस्नेकांच्या हृदयाची दुरून नोंद घेतली, तर त्यांच्या हृदयगतीतल्या चढउतारांचा मोठा भाग श्वासाशी बांधलेला निघाला. ‘फक्त सस्तनांत’ हा शब्दप्रयोग इथेच गळून पडतो.

यावर पोर्जेस यांचे उत्तर आहे, आणि तेही सांगायला हवे. ते म्हणतात की, मासे आणि साप यांच्यातला श्वास-हृदय संबंध वेगळा. सस्तनांतला, ॲम्बिग्युअसच्या मायलिनयुक्त तंतूंतून येणारा, तोच खरा श्वासाबरोबरचा चढउतार. पाणी मुरते ते इथे. सस्तनांतच आढळते ती गोष्ट म्हणजे सस्तनांतच आढळणारी गोष्ट, अशी व्याख्या केली तर कोणताही पुरावा तिला खोटे पाडू शकत नाही. स्वित्झर्लंडमधल्या बाझलचे पॉल ग्रॉसमन यांनी टेलर यांच्यासोबत २००७ मध्ये आणि पुन्हा २०२३ मध्ये स्वतंत्रपणे या उपपत्तीची एकेक बैठक तपासली. या दोन लेखांना नेमके उत्तर मिळालेले मला दिसत नाही.

आणि सरपटणारे प्राणी एकलकोंडे असतात, त्यांना जिव्हाळा नसतो, हे तरी खरे आहे का? मगरीची मादी अंडी राखते, पिल्लांची आतली हाक ऐकून घरटे उकरते, पिल्ले जबड्यात घेऊन पाण्यापर्यंत पोहोचवते. मद्रास क्रोकोडाइल बँकेत जेफ्री लँग आणि रोम्युलस व्हिटेकर यांनी १९८०च्या दशकात पाहिले की, नर मगरही पिल्ले उचलून नेतो आणि राखतो. ही तीच मगर आहे जी सांगलीच्या कृष्णेत आणि चिपळूणच्या वाशिष्ठीत राहते. नदीकाठच्या माणसांना तिची भीती वाटते ती योग्यच आहे, पण तिच्या पोटी माया नसते असे मात्र कुणी म्हणू नये.

आता या सगळ्याची उलटी बाजू. ॲम्बिग्युअस हे सुरक्षिततेचे केंद्रक आहे का? माणूस घाबरून किंचाळतो तेव्हा ती किंकाळी कुठून येते? मध्यमेंदूतल्या नलिकेभोवतीच्या करड्या भागातून हुकूम खाली येतो, लंबमज्जेतल्या एका मधल्या केंद्रातून जातो आणि स्वरतंतू ताणण्याचे अखेरचे काम ॲम्बिग्युअसच्या पेशी करतात. आईचे अंगाईगीत आणि रस्त्यावरच्या अपघातातली किंकाळी, दोन्ही याच पेशींतून बाहेर पडतात. २०२२ मध्ये स्टॅनफर्ड विद्यापीठातल्या मार्क क्रॅस्नो यांच्या गटाने उंदरांतल्या या पेशींचे जनुकीय प्रकार वेगळे केले. हृदयाला लगाम घालणाऱ्या पेशींचे त्यांना दोन प्रकार सापडले. एक प्रकार हृदयापुरताच. दुसरा हृदय आणि फुप्फुसे दोन्हींकडे जाणारा, आणि त्याला चेतवले की हृदय मंदावते आणि श्वासनलिका आवळतात. ‘जवळिकीच्या व्हेगस’मधून श्वासनलिका आवळल्या जातात, हे दम्याच्या रोग्याला सांगून पाहा. केंद्रकाला स्वतःचा भाव नसतो. वरून आणि भोवतालून आलेल्या हुकमांप्रमाणे ते काम करते.

चेहरा आणि कान यांचेही तसेच. हसू उमटते ते सातव्या कपालचेतेच्या केंद्रकामुळे, कानातला एक छोटा स्नायू आवळतो तोही तिच्यामुळे, दुसरा पाचवीमुळे. ही केंद्रके ॲम्बिग्युअसपासून वेगळी आहेत. बोलताना ती एकत्र काम करतात हे खरे, पण चावताना आणि ओकारी येतानाही करतात.

ॲम्बिग्युअस बिघडले तर काय होते, तेही पाहू. लहान मेंदूच्या खालच्या मागच्या बाजूकडे जाणारी धमनी किंवा तिचा उगम असलेली मणक्यालगतची धमनी तुंबली की लंबमज्जेचा बाहेरचा कोपरा मरतो. डॅन्झिगच्या अडोल्फ वॉलेनबर्ग यांनी १८९५ मध्ये असा रोगी वर्णिला, तेव्हापासून या रोगाला त्यांचे नाव आहे. रोगी वॉर्डात आला की चित्र असे दिसते: गरगरते, चालताना एका बाजूला झोक जातो, चेहऱ्याच्या एका अर्ध्या भागात आणि शरीराच्या विरुद्ध अर्ध्या भागात गरम-थंड कळत नाही, आवाज घोगरा झालेला, लाळसुद्धा गिळता येत नाही. ‘काका, आ करा बघू, आऽ म्हणा,’ म्हटले की पडजीभ मधोमध वर जाण्याऐवजी निरोगी बाजूकडे ओढली जाते. रोगाच्या बाजूचा मऊ टाळू लोंबकळत राहतो. पाण्याचा घोट घेतला तर ठसका लागतो, कधी पाणी नाकातून येते. ॲम्बिग्युअस गमावणे म्हणजे हे. इजा एकाच बाजूची असते, म्हणून तिच्यावरून फार मोठे निष्कर्ष काढू नयेत. तरी अशा रोग्याशी पाच मिनिटे बोलले की कळते, त्याची माया, त्याची काळजी, समोरच्याशी नजर मिळवून बोलायची त्याची ओढ कुठेही कमी झालेली नसते. नळीतून जेवण देताना घरचे जेवले का, हे तो घोगऱ्या आवाजात विचारत असतो.

मोजमापाबद्दल फार लिहायला नको. मनगटी घड्याळे आणि ॲप आता नाडीचा चढउतार मोजून ‘व्हेगल टोन’ सांगतात आणि त्यावरून माणूस सुरक्षित वाटण्याच्या स्थितीत आहे की नाही ते ठरवले जाते. पण श्वास मिनिटाला पंधरावरून सहावर आणला की चढउतार पुष्कळ वाढतो. याचा अर्थ व्हेगसचा एकूण अंमल तेवढा वाढला, असा होत नाही. फाटक सावकाश उघडझाप करू लागले, म्हणून चढउतार मोठा झाला. श्वासाची गती आणि खोली न नोंदवता या आकड्यांवरून केंद्रकांबद्दल बोलणे म्हणजे सुतावरून स्वर्ग गाठणे आहे.

सावकाश श्वासाचा उपयोग होतो, याबद्दल मला शंका नाही. स्वामी कुवलयानंदांनी १९२४ मध्ये लोणावळ्यात कैवल्यधाम स्थापन केले, त्याच वर्षी ‘योगमीमांसा’ हे नियतकालिक काढले आणि प्राणायामाला प्रयोगशाळेत आणले. इटलीतल्या लुचानो बर्नार्डी आणि सहकाऱ्यांनी २००१ मध्ये दाखवले की, ‘ॐ मणि पद्मे हूँ’ किंवा लॅटिनमधली जपमाळ म्हणताना श्वास आपोआप मिनिटाला सहाच्या आसपास येतो आणि रक्तदाब सावरणाऱ्या प्रतिक्षिप्त क्रियेची संवेदनशीलता वाढते. या लाभाला दोन व्हेगसच्या कथेची गरज नाही. ती सांगितली नाही तरी तो लाभ तसाच मिळतो.

राहतो तो सर्वांत गंभीर प्रश्न. काही जण म्हणतील, शरीररचना चुकली असेल, पण संकटात माणूस गोठतो हे तर खरे आहे ना? अगदी खरे आहे. स्टॉकहोममध्ये बलात्कारानंतर तातडीच्या दवाखान्यात आलेल्या २९८ स्त्रियांचा अभ्यास २०१७ मध्ये प्रसिद्ध झाला. त्यातल्या ७० टक्के स्त्रियांनी हल्ल्याच्या वेळी शरीर लक्षणीय प्रमाणात जखडल्याचे सांगितले, ४८ टक्क्यांनी अत्यंत तीव्र प्रमाणात. पण हातपाय जखडणे हे डॉर्सल केंद्रकाला करताच येत नाही. त्याचा एकही तंतू हातापायांच्या स्नायूंपर्यंत जात नाही. मध्यमेंदूतल्या त्या करड्या भागाच्या बाहेरच्या, पोटाकडच्या पट्ट्यातून लंबमज्जेतल्या मोठ्या पेशींकडे आणि तिथून मज्जारज्जूकडे हुकूम जातो आणि प्राणी जागच्या जागी थिजतो. तोवोते आणि सहकाऱ्यांनी २०१६ मध्ये उंदरांत हा मार्ग टप्प्याटप्प्याने शोधून काढला. त्याच करड्या भागातून हृदयही मंदावते. गोठण्याचे स्पष्टीकरण आहे, ते प्रयोगांनी तपासलेले आहे, आणि त्यात पीडितेच्या इच्छेचा किंवा धैर्याचा कोणताही दोष निघत नाही.

न्यायालयात उभ्या असलेल्या स्त्रीच्या बाजूने ‘ती ओरडली का नाही’ या प्रश्नाला उत्तर देणाऱ्या तज्ज्ञाने जर डॉर्सल व्हेगसची गोष्ट सांगितली, तर विरुद्ध बाजूचा अभ्यासू वकील टेलर आणि ग्रॉसमन यांचे लेख समोर ठेवून ती पाच मिनिटांत मोडून काढेल. मग उपपत्तीबरोबर त्या स्त्रीच्या साक्षीवरचा विश्वासही ढासळेल. तिच्या बाजूने भक्कम शास्त्र उपलब्ध असताना तज्ज्ञाने कच्चे शास्त्र घेऊन उभे राहू नये.